बाकी

इस्कारच्या खिंडीत घड्याळं चालत नाहीत,
म्हणून आम्ही काळ डिंकाने मोजायचो.
ऱ्हुलच्या खोडाला एक चीर, खाली काचेची वाटी,
आणि थेंबाथेंबाला पाटीवर रेघ ओढणारा मी,
नाव तिम्मोर, वय बारा,
मजुरी रोज मिठाचे दोन खडे.

ओल्हेना व्रासक कड्यावर उभी राहून शिंग फुंकायची.
शिंग वाजताना थेंब घाईघाईने पडायचे,
कुणी मागून ढकलल्यासारखे.
मग पूर्वेच्या कड्यावरून तोच आवाज परत यायचा
आणि थेंब चिरेच्या ओठाशी थबकायचा.
एकदा तर, शपथेवर सांगतो,
वर चढला.

सात हिवाळे तिने हेच केलं.
लोहाराच्या मुलाचे पिकलेले केस मोजले.
मुक्या कोष्टिणीची नखं किती सावकाश वाढतात
तेही मोजलं, तिला विचारून.
गिरणीशेजारी ठेवलेल्या चीजला बुरशी लवकर धरते
आणि खाणीच्या तळाशी धरतच नाही,
हे तर आम्ही चाखूनच ठरवलं.

आठव्या हिवाळ्यात सगळं एका ओळीत मावलं:
*गेलेला काळ बरोबर
आवाज उणे प्रतिध्वनी.*

‘एवढंच?’ मी म्हणालो.
‘एवढंच,’ ती म्हणाली,
आणि मग दिवसभर बोलली नाही,
बहुधा काटकसर म्हणून.

गावाने ते आपल्या परीने समजून घेतलं.
लग्नं कुजबुजत लागू लागली.
पाववाला दोर्वी बायकोशी भांडायचा
ते खिंडीकडे तोंड करून,
निदान अर्धं तरी परत मिळेल म्हणून.
तीही तिकडेच तोंड करायची.
संध्याकाळी दोघं कड्याच्या टोकाला शेजारी शेजारी बसलेली,
लांबून पाहणाऱ्याला वाटावं, काय हे प्रेम.

पण गणित जुळत नव्हतं.
कितीही वेळा मांडलं तरी
खाली जराशी बाकी उरायची,
नखाएवढी,
दर वेळी तेवढीच.
ती माझ्या रेघांना दोष द्यायची.
दोनदा कान पिरगाळला.

मग एका रात्री, चुलीत फुंकर घालता घालता म्हणाली,
यास्को पलीकडे मीठ आणायला गेला तेव्हा
मी इथून त्याला हाक मारली होती.
सगळ्यांच्या हाका परत येतात.
ती आली नाही.
कड्याने ठेवून घेतली.

एवढं बोलून तिने चुलीवरचं दूध उतरवलं.
मी पाटीकडे पाहिलं.
हाकेच्या लांबीचीच होती बाकी.

पुढच्या उन्हाळ्यात तुरेशच्या व्यापाऱ्यांनी
पूर्वेचा कडा सुरुंग लावून फोडला.
असा आवाज, आणि परत पाठवायला समोर कुणी नाही.
त्या एका दुपारी मला मिसरूड फुटलं.
कोष्टिणीच्या आईला आम्ही तिसऱ्या प्रहरी पुरलं;
सकाळी ती शेंगा सोलत होती.

धूळ खाली बसली तेव्हा ओल्हेना माझ्यासमोर होती,
केस पांढरे, डोळे मात्र विशीतल्या मुलीचे.
‘ऐकलंस? सुटली ती. माझीच हाक.’
मी दगडच ऐकले होते.
‘ऐकली,’ म्हणालो.
‘आणि बाकी?’

मी रेघ ओढली नव्हती.
मी दोन्ही हात कानांवर दाबून झाडामागे बसलो होतो.

‘शून्य,’ म्हणालो.

आता तुरेशच्या शाळांत ते समीकरण पाठ करून घेतात.
बाकी शून्य, पोरं एका सुरात म्हणतात,
आणि म्हणता म्हणता बोटभर वाढतात.
पडताळा कुठे आहे, असं अजून कुणी विचारलेलं नाही.

माझ्या पेटीत आहे.
फडक्यात गुंडाळलेली पाटी,
कोपऱ्याला थोडा डिंक,
बाकी कोरी.